कोळंबीची डोकी

नमस्कार. पत्रिकेवर विषय छापलाय ‘अर्ध्या तासात घरच्या घरी इटालियन कोळंबी पास्ता’. तो मी सांगणारच आहे, काळजी नसावी. पण त्याआधी एक प्रश्न. बाजारातून आणलेली कोळंबी सोलताना डोकी कचऱ्यात टाकणारे किती जण आहेत इथे? हात वर करा. बघा, जवळजवळ सगळं सभागृह! मागच्या रांगेतल्या काकांनी तर दोन्ही हात वर केलेत. (हशा) म्हणजे मी योग्य ठिकाणी आले.

मी आयुष्यभर प्राणिशास्त्र शिकवलं. 1996 साली अभ्यासासाठी सहा महिने नेपल्सला होते. तिथे समुद्राकाठच्या बागेत 1872 साली सुरू झालेली, आंतोन डोर्न या जर्मन शास्त्रज्ञाची प्राणिशास्त्राची संस्था आहे. दिवसभर सूक्ष्मदर्शकाखाली कवचधारी प्राणी बघायचे आणि संध्याकाळी खोलीवर यायचं. खोली एका सत्तरीच्या बाईंच्या घरातली होती. त्यांना सगळे सिन्योरा म्हणत, मीही तेच म्हणायचे. त्यांना इंग्रजी येत नव्हतं आणि माझं इटालियन भाजी घेण्यापुरतं, त्यामुळे आमचं बोलणं जे काही झालं ते बहुतेक ओट्याशीच.

एका शनिवारी मी पिन्यासेक्काच्या बाजारात गेले. नेपल्सचा हा जुना, गजबजलेला बाजार. मासेवाले ओरडतायत, निळ्या टोपल्यांत पाणी सळसळतंय. मला अगदी आमच्या वेंगुर्ल्याच्या बंदरावर उभं राहिल्यासारखं झालं. अर्धा किलो कोळंबी घेतली. तिथे ती अख्खीच मिळते, डोक्यासकट, मिशांसकट. घरी आल्यावर आपण करतो तेच केलं. डोकी मुरगळून काढली, सालं काढली, पाठीवरचा काळा दोरा ओढला आणि डोकी-सालांची कागदात पुरचुंडी करून कचऱ्याच्या डब्यात टाकली.

सिन्योरा पाणी प्यायला आल्या. त्यांनी ओट्यावरची सोललेली कोळंबी पाहिली, मग डबा पाहिला. एक शब्द न बोलता वाकल्या, पुरचुंडी बाहेर काढली, उघडली आणि माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की मी भरलेलं ताट कचऱ्यात लोटलंय. रागावल्या नाहीत. त्यांना वाईट वाटलं होतं. डोकी धुतली, पसरट तव्यात ऑलिव्हचं तेल घातलं, डोकी आणि सालं त्यात टाकली आणि लाकडी डावाने एकेक डोकं दाबायला लागल्या. दाबलं की चुर्र आवाज व्हायचा आणि आतलं पिवळट-तपकिरी तेलात उतरायचं. दोन-तीन मिनिटांत तेल केशरी झालं. आणि वास! त्या वासासरशी मी नेपल्समध्ये राहिलेच नाही.

कारण तो वास मला ओळखीचा होता. आमच्या घरी कुर्ल्या आणल्या की आई मोठ्या नांग्या बाजूला ठेवायची आणि बारीक पाय पाट्यावर वाटायला घ्यायची. थोडं पाणी घालून वाटायचे, फडक्यातून घट्ट पिळायचे आणि तो करडा रस कालवणात जायचा. इथे कोकणातली मंडळी बरीच दिसतायत, माना हलतायत, म्हणजे तुमच्याही घरी होत असणार. त्या रसाशिवाय कुर्ल्यांच्या कालवणाला दाटपणा नाही, गोडी नाही. आणि कुर्लीचे करंगळीएवढे पाय वाया न घालवणारी माझी आई कोळंबीची डोकी मात्र मांजरापुढे टाकायची! मीही तेच करत आले होते. समुद्र वेगळा, भाषा वेगळी, आणि सिन्योरा करत होत्या ते माझ्या आईचंच काम होतं, फक्त पाट्याऐवजी तव्यात.

आता शिक्षिका आहे म्हटल्यावर मला पाच मिनिटं द्या. कोळंबीचं डोकं म्हणतो ते नुसतं डोकं नसतं, डोकं आणि छाती एकत्र असते. त्यात एक मोठी ग्रंथी असते, ती यकृताचं आणि स्वादुपिंडाचं काम एकटीच करते. चरबी तिथे साठते, पाचक रस तिथे तयार होतात. खेकड्यात आपण ज्याला लाख म्हणून बोटाने चाटून खातो, त्यात ही ग्रंथीही असते. आणि रंग? जिवंत कोळंबी करडी, शिजली की लाल. तो लाल रंग आधीपासून कवचात असतोच, अॅस्टाझँथिन त्याचं नाव. तो एका प्रथिनाला बांधलेला असतो म्हणून करडा-निळसर दिसतो. उष्णतेने प्रथिन मोडतं आणि लाल रंग मोकळा होतो. हा रंग पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो. म्हणून सिन्योरा आधी तेल घेत होत्या, पाणी नंतर. मिसळीवर लाल तवंग का येतो? मिरचीचा रंगही तेलातच उतरतो. इथेही तीच तर्री, फक्त कोळंबीची.

आता माझी तक्रार. हल्ली शहरात कोळंबी घ्यायला गेलं की ती सोललेलीच मिळते. ट्रेमध्ये, वर प्लास्टिक, पांढरी स्वच्छ, बिनडोक्याची. मी माझ्या भागातल्या एका दुकानात विचारलं, अख्खी मिळेल का? म्हणे, मॅडम, घाण कशाला नेता? घाण! किलोभर अख्खी कोळंबी सोलली की खाण्यासारखं मांस निम्म्याच्या आसपास राहतं. उरलेलं सगळं बादलीत. आपण किलोचे पैसे मोजतो आणि चव बादलीत ठेवून घरी येतो. मग रश्शात चव नाही म्हणून क्रीम घालतो, चीज घालतो, बाटलीतला मसाला घालतो.

दुकानदाराची बाजूही सांगायला हवी. डोक्यातल्या त्या ग्रंथीचे पाचक रस कोळंबी मेल्यावर तिचंच मांस पचवायला लागतात, म्हणून डोक्यासकट ठेवलेली कोळंबी लवकर मऊ पडते, डोकं काळं पडायला लागतं. साठवायची असेल तर डोकं आधी काढणंच शहाणपणाचं. पण म्हणून ते टाकायचं कशाला? वेगळं बांधून द्या ना! कोळणीकडे जा आणि वाटा घेतानाच सांगा, ‘मावशी, डोकी वेगळी द्या.’ ती देते. डोकी काळी पडलेली नकोत, घट्ट लागलेली हवीत, एवढं मात्र बघून घ्या. 1 जून ते 31 जुलै आपल्या किनाऱ्यावर यांत्रिक बोटींना मासेमारीबंदी असते. त्या दिवसांत बाजारात बहुतेक तळ्यातली वनामी कोळंबी असते. ती मूळची मेक्सिको ते पेरू या पॅसिफिक किनाऱ्यावरची, आपल्याकडे तिच्या शेतीला 2009 साली परवानगी मिळाली. तिचीही डोकी चालतात. समुद्राच्या कोळंबीइतका वास येत नाही, पण टाकण्यासारखी नक्कीच नाहीत.

पास्त्याबद्दल थोडं बोलू द्या, कारण ‘हे परकं आहे, आपल्याला जमणार नाही’ असं कुणीतरी चहाच्या वेळी म्हणालं. सुका पास्ता म्हणजे ड्यूरम गव्हाचा रवा आणि पाणी. इटलीत 1967 सालापासून तसा कायदाच आहे, सुका पास्ता ड्यूरमचाच हवा. हा ड्यूरम आपल्याकडेही आहे. बन्सी गहू आठवतो? शेवयांना, रव्याला, कुरडयांना आज्या ज्यासाठी अडून बसायच्या तो बन्सी म्हणजे ड्यूरमच. कडक दाणा, पिवळसर रवा, शिजल्यावर गिच्च होत नाही. 1154 साली अल-इद्रिसी या भूगोलकाराने सिसिलीतल्या त्राबिया गावी शेवयांसारखा पदार्थ करून जहाजांनी दूरदूर पाठवतात, असं लिहून ठेवलंय. नेपल्सजवळ ग्रान्यानो नावाचं गाव पास्त्यासाठी प्रसिद्ध आहे. तिथे ब्राँझच्या साच्यातून पास्ता काढतात, त्यामुळे त्याचा पृष्ठभाग खरखरीत होतो आणि त्याला रस धरतो. दुकानात पाकीट घेताना हाताने नाही तर डोळ्याने तपासा. काचेसारखा चकचकीत नको, पीठ भुरभुरल्यासारखा निस्तेज दिसणारा घ्या, आणि ड्यूरम लिहिलेलं वाचा.

आणि चीज. तिथे कोळंबीच्या पास्त्यावर चीज किसत नाहीत. सिन्योरांपुढे मी एकदा किसणी उचलली, त्यांनी हळूच ती माझ्या हातातून घेतली. जुन्या चीजचा खारट जोर समुद्राची नाजूक चव झाकून टाकतो. आपण सुरमईच्या कालवणावर लोणी घालत नाही ना, तसंच.

चिठ्ठी आली. सात मिनिटं. बरं, आता भराभर. लिहून घेणाऱ्यांनी वह्या काढा.

चार माणसांसाठी 600 ते 700 ग्रॅम अख्खी मध्यम कोळंबी, 350 ग्रॅम स्पॅगेटी किंवा चपट्या लिंग्विनी, लसणाच्या चार पाकळ्या, एक सुकी मिरची, पाव किलो लहान पिकलेले टोमॅटो. तिथे व्हेसुव्हियसच्या उतारावरचे, घोसाने टांगून टिकवलेले बारके टोमॅटो वापरतात. आपले आंबट-गोड गावरान टोमॅटो छान चालतात. पार्स्ली मिळाली तर घ्या. कोथिंबीर घालू नका, ती घातली की चव एकदम आपल्या आमटीकडे वळते.

कोळंबी सोला, दोरा काढा, मांसाला किंचित मीठ लावून फ्रीजमध्ये ठेवा. तीन मोठे चमचे तेलात डोकी आणि सालं मध्यम आचेवर पाच मिनिटं परता, डावाने दाबत राहा. करपू देऊ नका, करपलं तर कडू होतं. दीड कप पाणी घाला, दहा-बारा मिनिटं उकळा, गाळणीतून दाबून दाबून गाळा. पांढरी वाइन घरात असेल तर पाण्याआधी अर्धा पेला. नसेल तर अडत नाही, शेवटी लिंबाचे चार थेंब पिळा.

दुसरीकडे मोठ्या पातेल्यात साडेतीन लिटर पाणी ठेवा. इटलीतला हिशेब सोपा आहे, 100 ग्रॅम पास्त्याला एक लिटर पाणी आणि 10 ग्रॅम मीठ. मी मीठ लिटरला 7 ग्रॅमच घालते, कारण हे पाणी पुढे रसात जातं. पाण्यात तेल घालू नका, पास्त्याला तेलाचा थर बसला की रस धरत नाही.

पसरट कढईत दोन चमचे तेल, लसूण फक्त चेचून, मिरची मोडून. लसूण सोनेरी झाला की बाहेर. कोळंबी घाला, एका बाजूला एक मिनिट, दुसऱ्या बाजूला जेमतेम एक मिनिट, लगेच काढून ठेवा. इंग्रजी सी सारखी वळली की झाली, ओ सारखी वेटोळली म्हणजे चिवट झाली. त्याच कढईत टोमॅटो चिरून, पाच मिनिटं, मग गाळलेला रस. पास्ता पाकिटावरच्या वेळेच्या दोन मिनिटं आधी काढायचा, दाताखाली किंचित कडक हवा. चिमट्याने उचलून थेट कढईत, आणि सोबत डावभर पास्त्याचं पाणी.

हे पाणी ओतून टाकू नका, हात जोडते. ती पेज आहे. पास्त्यातला स्टार्च त्यात उतरलेला असतो, तोच तेल आणि रस यांना धरून ठेवतो. आच मोठी करा आणि दोन मिनिटं कढई हलवत राहा. तेल वेगळं दिसेनासं होईल, रस पास्त्याला चिकटेल. कोरडं वाटलं तर आणखी पळीभर पाणी. आता कोळंबी परत घाला, गॅस बंद करा, पार्स्ली आणि वरून चमचाभर कच्चं तेल. माणसं आधी ताटावर बसवा, मग पास्ता कढईत घाला. पाच मिनिटं थांबला की तो सगळा रस पिऊन टाकतो.

एक मिनिट राहिलंय, आणि पहिल्या रांगेतल्या ताईंनी विचारलंय की डोकी साठवता येतात का. येतात. ताजी असतानाच धुऊन, पुसून, डब्यात घट्ट बंद करून फ्रीझरमध्ये ठेवा आणि महिन्याभरात वापरा. वितळवत बसू नका, तशीच गार डोकी गरम तेलात टाका. थोडं उडेल, झाकण हाताशी ठेवा. आणि गाळलेला रस जास्त झाला तर बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा. पुढच्या वेळी सोलकढीबरोबर कोळंबीभात कराल तेव्हा त्यातले चार तुकडे तांदूळ शिजतानाच्या पाण्यात घाला.