निजाम, सुरक्षा परिषद आणि ताकदीचा हिशोब

मित्रांनो, देशादेशांच्या राजकारणातला रिअ‍ॅलिझम म्हटलं की लोकांना वाटतं ‘बळी तो कान पिळी’ एवढंच सांगणारा विचार असेल, थोडंफार ते खरंबी आहे, पण मला त्याच्या पुढचं बोलायचंय आणि त्याला उदाहरण आपल्याच मुलखातलं आहे.

मूळ मुद्दा असा की देशांच्या वर कोणी सरकार नाही. कोर्ट आहे, पण मोठ्या देशाला निकाल मानायला लावणारं कोणी नाही, म्हणून ज्याची सुरक्षा त्यानंच बघायची. इसवी सनापूर्वी 416 साली ग्रीसमधल्या बलाढ्य अथेन्सनं मेलोस नावाचं छोटं बेट घेरलं, मेलोसवाले म्हणाले आमच्या बाजूनं न्याय आहे, अथेन्सचा शत्रू स्पार्टा मदतीला येईल. स्पार्टा आला नाही. पुरुष मारले गेले, बायका-मुलं गुलाम झाली. हे थुसिडिडीस या ग्रीक इतिहासकारानं लिहून ठेवलंय.

आता 1948 बघा. निजामाचं हैदराबाद राज्य चारी बाजूंनी भारतानं वेढलेलं, समुद्र नाही, भारताशी झालेला ‘जैसे थे’ करार (आहे तसंच चालू ठेवायचा) फक्त एका वर्षाचा. ऑगस्टमध्ये त्यानं संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेकडं तक्रार केली. 11 सप्टेंबरला जिना वारले, 13 ला भारतीय फौजा आत आल्या, त्याच दिवशी नळदुर्ग घेतलं, पॅरिसमध्ये परिषदेपुढं विषय आला 16 ला आणि 17 ला निजामानं हार मानली! पाकिस्तान स्वतःच काश्मीरच्या लढाईत गुंतलेला, तो कशाला येतो.

त्याच 1948 साली हान्स मॉर्गेन्थाऊचं या विषयातलं सगळ्यात गाजलेलं पुस्तक आलं. ताकद मोजताना तो भूगोल, फौज, उद्योग तर धरतोच, पण लोकांचं मनोधैर्य आणि सरकारचा दर्जासुद्धा धरतो. पुढं 1979 मध्ये केनेथ वॉल्ट्झनं हे आतलं सगळं बाजूला ठेवलं, देशाच्या आत काय चाललंय ते नको, कोणाची ताकद किती एवढंच बघा म्हणाला. माझं स्पष्ट मत आहे की मराठवाड्याच्या माणसाला वॉल्ट्झ अपुरा पडतो. निजामाच्या मदतीला कोणी का आलं नाही हे तो नीट सांगतो, पण राज्य आतून पोकळ कसं झालं ते त्याच्याकडं नाही. फौजेतला फरक मोठा होता हे मान्यच, पण 1938 पासून स्टेट काँग्रेस होती, स्वामी रामानंद तीर्थ होते, सरहद्दीवरचे स्वातंत्र्यसैनिकांचे कॅम्प होते, उमरीची बँक लुटणारे तरुण होते, आणि दुसरीकडं लातुरात वकिली केलेला कासिम रझवी न् त्याचे रझाकार म्हणजे निजामाच्या बाजूचे हत्यारबंद स्वयंसेवक, त्यांच्या जुलमानं प्रजेचा उरलासुरला विश्वासबी गेला. पोलीस अ‍ॅक्शननंतर, म्हणजे सप्टेंबरच्या त्या लष्करी कारवाईनंतर, निरपराध मुसलमानांचे जे जीव गेले, जे भारत सरकारच्या सुंदरलाल समितीनं नोंदवलं, तेसुद्धा याच हिशोबात घ्यावं लागतं, जिंकलेल्या मुलखातल्या माणसांचा विश्वास हीपण ताकदच असते.

फेब्रुवारी 2022 मध्ये रशियानं युक्रेनवर हल्ला केला तेव्हा रणगाडे मोजून कित्येक जाणकार म्हणायलेले की कीव काही दिवसांत पडेल. एप्रिलच्या सुरुवातीला रशियन फौजा कीवच्या आसपासहून माघारी गेल्या होत्या. युद्ध पुढं चालूच राहिलं, पण तो पहिला अंदाज चुकला तो युक्रेनचे लोक लढतील हे हिशोबात धरलंच नव्हतं म्हणून.