क्रॉसफिटसाठी वजन नेमकं किती असावं?

प्रश्न सगळ्यांचा एकच असतो, सर माझी उंची अमुक, तर वजन किती पाहिजे, आकडा सांगा. आता कुस्ती किंवा वेटलिफ्टिंगमध्ये वजनी गट असतात, तिथे निदान एक चौकट तरी मिळते. क्रॉसफिटमध्ये, म्हणजे वजन उचलणं, पुल-अपसारखे व्यायाम आणि धावणं-रोइंग एकत्र घड्याळ लावून करतात त्या खेळात, असे गट नाहीत. साठ किलोचा असो की नव्वदचा, बार दोघांना एकच, आणि सगळी गंमत (आणि सगळा त्रास) इथूनच चालू होतो.

फ्रान नावाचा ठरलेला वर्कआउट घ्या. थ्रस्टर (बार घेऊन स्क्वॉट आणि उठता उठता तो डोक्यावर ढकलायचा) आणि पुल-अप, दोन्ही आधी २१ वेळा, मग १५, मग ९, पुरुषांना ९५ पौंड म्हणजे ४३ किलोचा बार. साठवाल्यासाठी हा बार त्याच्या स्वतःच्या वजनाच्या सत्तर टक्क्यांच्या वर जातो आणि नव्वदवाल्यासाठी निम्म्याहून कमी, त्यामुळे पहिल्या २१ मध्ये दांडगा गडी न थांबता सुटतो आणि बारीकवाल्याचे कोपर दहाव्या-बाराव्या रेपलाच (रेप म्हणजे व्यायामाची एक खेप) खाली पडायला लागतात. मग पुल-अप येतात. इथे नव्वदवाला दर रेपला ३० किलो जास्त ओढतोय, ४५ पुल-अपचे झाले १३५० किलो जास्त, मग ग्रिप सुटते, मग तो चॉक (हात घसरू नयेत म्हणून लावायची पांढरी पूड) लावायला जातो. चॉक लावायला जाणं म्हणजे दम खायचा सभ्य बहाणा, आपण सगळेच करतो ते.

म्हणजे वर्कआउट ग्रेस असेल, ६१ किलोचे ३० क्लीन अँड जर्क (बार जमिनीवरून खांद्यावर, तिथून डोक्यावर), तर वजनदार माणूस खूश. सिंडी किंवा मर्फ, म्हणजे स्वतःच्याच वजनाचे ढीगभर पुल-अप, पुश-अप आणि स्क्वॉट, असेल तर हलका माणूस खूश. रोइंग मशीनवर सीट तुमचं वजन पेलते म्हणून मोठं शरीर फायद्यात, धावताना तेच वजन दर पावलाला उचलायचं. यामागे साधं गणित आहे, स्नायूची ताकद त्याच्या जाडीवर ठरते पण वजन वाढतं घनफळाने, त्यामुळे शरीर मोठं झालं की एकूण ताकद वाढते पण किलोमागे ताकद घटते. क्रॉसफिटला दोन्ही पाहिजेत म्हणून जिंकणारे सहसा मधले असतात, बुटके आणि भरीव.

मॅट फ्रेझर २०१६ ते २०२० सलग पाच वेळा गेम्स (क्रॉसफिटची सगळ्यात मोठी स्पर्धा) जिंकला, उंची साधारण ५ फूट ७ इंच, वजन ८८ किलोच्या आसपास. बीएमआय काढा, ३० च्या घरात येतो, म्हणजे तक्त्यानुसार जगातला सगळ्यात फिट माणूस लठ्ठ! टिया-क्लेअर टूमी २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये ५८ किलो गटात वेटलिफ्टिंग करून आली आणि पुढच्याच वर्षी गेम्स जिंकली. पण म्हणून तुम्ही ८८ किंवा ५८ गाठायला निघू नका, त्या किलोंमध्ये वर्षानुवर्षांचा स्नायू भरलाय, आपण खाऊन ८८ केले तर त्यात काय भरेल ते वेगळं सांगायला नको.

फॅट मोजायचं असेल तर डेक्सा स्कॅन (एक्स-रेने फॅट आणि स्नायू मोजणारा) बरा. घरच्या काट्यावरचा टक्का फार मनावर घेऊ नका, तो पायातून बारीक करंट सोडून अंदाज काढतो आणि पाणी प्यायलं, घाम गेला की बदलतो. वजनाचंही तेच. स्नायूंत साठवलेल्या कार्ब्सच्या, म्हणजे ग्लायकोजेनच्या, एका ग्रॅमसोबत साधारण तीन ग्रॅम पाणी साठतं, दोन-तीन दिवस कार्ब्स तोडले की काटा एक-दीड किलो खाली, माणूस खूश, आणि वॉडमध्ये (त्या दिवसाच्या वर्कआउटमध्ये) दुसऱ्या राउंडलाच टाकी रिकामी. फॅट तेवढंच.

मग करायचं काय? चार टेस्ट धरा, फ्रंट स्क्वॉटचा (बार खांद्यावर पुढे धरून) मॅक्स, न थांबता स्ट्रिक्ट (झोका न घेता) पुल-अप, दहा-बारा मिनिटांचा एखादा मेटकॉन (दम काढणारा वर्कआउट) आणि २ किलोमीटर रो. दर सहा-आठ आठवड्यांनी त्याच चार, आणि शेजारी आठवड्याच्या वजनाची सरासरी लिहायची. कमी करत असाल तर आठवड्याला अर्धा ते पाऊण टक्का, त्याहून घाई नको, प्रोटीन किलोमागे १.६ ते २.२ ग्रॅम. पुल-अप वाढतायत आणि स्क्वॉट जागच्या जागी आहे, तर चालू ठेवा. स्क्वॉट पडायला लागला, मेटकॉनही हळू झाला, झोप उडाली, तर तुमचा आकडा मागेच निघून गेलाय, एक-दोन किलो परत चढवा. बायकांची पाळी लांबायला किंवा बंद व्हायला लागली तर कटिंग (वजन उतरवणं) तिथेच थांबवून डॉक्टर गाठायचे, शरीराला इंधन पुरत नाही हे त्याचं एक मोठं कारण असतं, आणि ऑलिम्पिक समितीने २०१४ मध्ये त्याला रेड-एस असं नाव दिलंय. पुरुषांनाही तो होतो, फक्त लवकर कळत नाही.

नवीन असाल तर पहिलं वर्ष या भानगडीत पडूच नका, टेक्निकनेच स्कोअर इतका सुधारतो की वजनाचा परिणाम त्यात दिसणारही नाही. आणि जे ओपन (गेम्सची सगळ्यांसाठी खुली पहिली ऑनलाइन फेरी) खेळतात त्यांनी कटिंग आधीच उरकायचं, शेवटचे पाच-सहा आठवडे पोटभर खाऊन ट्रेनिंग करायचं, कारण ओपनमध्ये बार जड येणार की पुल-अप जास्त हे वर्कआउट जाहीर झाल्याशिवाय कोणालाच कळत नाही.