डांबर, लग्नं आणि व्हायोलिन: फिनलंडमधलं कौस्तिनेन

[दृश्य: जुलै महिना. नदीकाठचा रस्ता, दोन्ही बाजूंना शेतं, मागे जंगल.]

रात्रीचे दहा वाजलेत आणि अजून लख्ख उजेड आहे. फिनलंडच्या पश्चिम किनाऱ्यावर कोक्कोला हे बंदर आहे. तिथून साधारण पन्नास किलोमीटर आत, पेर्हो नदीच्या काठी कौस्तिनेन लागतं. वस्ती चार हजारांच्या थोडी वर. गाडीने जाणाऱ्याला हे गाव कधी आलं आणि कधी मागे पडलं, कळायचंही नाही. तरीही फिनलंडच्या लोकसंगीताची राजधानी कुठली, असं विचारलं तर नाव याच गावाचं घेतात.

या कहाणीत व्हायोलिन यायला थोडा वेळ आहे. सुरुवात डांबरापासून होते.

[दृश्य: पाइनचं जंगल, उतारावर जुन्या भट्टीचा खड्डा.]

हे डांबर रस्त्यावरचं नाही, पाइनच्या लाकडातून काढलेलं. उभ्या झाडाची साल सोलून ठेवायची, काही वर्षं खोडात राळ साठू द्यायची, मग झाड तोडायचं. नरसाळ्याच्या आकाराच्या खड्ड्यात लाकडं रचायची, वर माती-गवताचा थर द्यायचा आणि आतल्या आत, धुमसत, दिवसचे दिवस जळू द्यायचं. खालच्या नळीतून काळं डांबर पिंपात उतरतं. युरोपातली लाकडी जहाजं आणि त्यांचे दोर टिकायचे ते यावर.

पण फिनलंड तेव्हा स्वीडनच्या राज्यात होता आणि या किनाऱ्यावरच्या गावांना परदेशी थेट माल विकायला बंदी होती. सगळं स्टॉकहोममार्गे. नफा तिथल्या व्यापाऱ्यांचा, धूर इथल्यांच्या डोळ्यांत. या बंदीविरुद्ध संसदेत जे लढले त्यांत एक धर्मोपदेशक होते, आंदेर्स क्यूदेनियस. याच नदीच्या खोऱ्यात, कौस्तिनेनच्या शेजारच्या नेदेर्वेतिलमध्ये ते चर्चचं काम बघायचे. 1765 मध्ये बंदी उठली, कोक्कोलाला परदेशी व्यापाराचा हक्क मिळाला. पुढच्याच वर्षी स्वीडनमध्ये वृत्तपत्रस्वातंत्र्याचा कायदा झाला, त्यामागेही हेच गृहस्थ.

खोऱ्यात पैसा आला, आणि माझ्या मते तो सगळ्यात मोकळ्या हाताने खर्च झाला लग्नांवर. लग्न दोन-तीन दिवस चालायचं. नवरीच्या डोक्यावर मुकुट, पाहुणे शेकड्यांनी. वऱ्हाड चर्चकडे निघालं की पुढे व्हायोलिनवाले, पाहुणे दारात आले की त्यांच्या स्वागताची धून, मग रात्रभर नाच. ठरावीक क्रमाने एकामागून एक नाच गुंफलेल्या मालिकेला इथे ‘पुर्पुरी’ म्हणतात. वादकाला ‘पेलिमान्नी’. असा पेलिमान्नी दिवसभर शेतात राबायचा. त्याच्याकडे कागदावर काहीच नसायचं, सगळं कानावर.

[ध्वनी: व्हायोलिनची जोडी, साथीला हार्मोनियम.]

ऐकलंत? मागे पेटी आहे. आपल्या भजनात असते तिचीच मोठी बहीण, पायाने भाता मारायची. व्हायोलिन पुढे आणि साथीला हार्मोनियम ही इथली ओळख झाली. गज असा चालतो की ठोका अपेक्षेच्या जरा अलीकडे-पलीकडे पडतो, आणि ऐकणाऱ्याचा पाय आपोआप हलतो. नाचासाठीच घडलेलं संगीत आहे ते.

ते सगळीकडे टिकलं नाही. एकोणिसाव्या शतकात या प्रांतात धार्मिक जागृतीच्या लाटा आल्या. नाच म्हणजे पाप, आणि व्हायोलिन हे सैतानाचं वाद्य. कितीतरी गावांत ती खुंटीवर गेली. कौस्तिनेनमध्ये वाजत राहिली.

[दृश्य: 1868 चं तैलचित्र. झोपडीत कान्तेले वाजवणारी स्त्री.]

ही क्रेता हापासालो. 1813 मध्ये कौस्तिनेनमध्ये जन्मली. कान्तेले, म्हणजे मांडीवर ठेवून छेडायचं तंतुवाद्य, ते वाजवत गात ती हेलसिंकीला, सेंट पीटर्सबर्गला, स्टॉकहोमला गेली. शहरी दिवाणखान्यांना तिच्यात प्राचीन फिनलंडचा आत्मा दिसायचा. तिला मात्र घरची तोंडं भरायची होती. रॉबर्ट विल्हेल्म एकमन यांनी हे चित्र रंगवलं त्याच काळात देशात भीषण दुष्काळ होता, माणसं झाडाच्या सालीचं पीठ भाकरीत मिसळत होती. चित्रातल्या शांततेत त्याचा मागमूस नाही.

पुढच्या शतकात कोन्स्ता युल्ह्या हे व्हायोलिनवादक आले. 1946 मध्ये त्यांच्या मंडळींनी ‘पुर्पुरिपेलिमान्नित’ हा गट बांधला, आणि लग्नातली धून रेडिओवरून देशभर गेली. मग 1968. फिनलंडची खेडी तेव्हा रिकामी होत होती, तरुण हजारोंनी स्वीडनच्या कारखान्यांकडे निघाले होते. अशा वेळी या गावाने लोकसंगीताचा महोत्सव भरवला. तो आजही दर जुलैत भरतो. गावातले लोकच स्वयंसेवक म्हणून राबतात. पाठोपाठ 1974 मध्ये लोकसंगीत संस्था उभी राहिली. याच गावात जन्मलेले युहा कांगास यांनी 1972 मध्ये कोक्कोलाला वाद्यवृंद काढला, तो आज युरोपभर नावाजलेला आहे.

[दृश्य: शाळेचं सभागृह, ओळीने उभी मुलं, हातात छोटी व्हायोलिनं.]

मला विचाराल तर कौस्तिनेनचं खरं कर्तृत्व इथे आहे. मौनो यार्वेला, पिढीजात वादकांच्या घरातले. त्यांनी 1980 च्या दशकात ‘नाप्पारित’ ही शिकवण्याची पद्धत सुरू केली. गळ्यात सूर आहे का, कान तयार आहे का, हे आधी कुणी तपासत नाही. पाच वर्षांचं पोर आणि मुरलेला वादक एकाच वेळी, एकच धून वाजवतात. ज्याला दोनच सूर येतात त्याने दोन वाजवायचे. चुकलेल्याला बाहेर काढत नाहीत. शेकडो धुनी अशाच एका कानातून दुसऱ्या कानात जातात.

डिसेंबर 2021 मध्ये युनेस्कोने कौस्तिनेनचं व्हायोलिनवादन मानवतेच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. कोलकात्याची दुर्गापूजा आली, त्याच बैठकीत.

[दृश्य: जंगलातला कारखाना, डंपर.]

आणि हेही कौस्तिनेनच. इथल्या खडकात लिथियम आहे, विजेच्या गाड्यांच्या बॅटरीला लागतं ते. दक्षिण आफ्रिकेच्या कंपनीच्या पैशावर खाण आणि खनिज वेगळं करायचा कारखाना उभा राहिला आहे. तिथून माल जायचा तो पुन्हा कोक्कोलालाच, शुद्धीकरणाला. डांबराची पिंपं ज्या दिशेने गेली, त्याच दिशेने. कुणाला त्यात रोजगार दिसतो, कुणाला पाण्याची आणि जंगलाची काळजी वाटते. डांबराच्या वेळी नफ्याचा मोठा वाटा आधी स्टॉकहोमने नेला होता. या वेळी किती गावात राहील, हा हिशेब कौस्तिनेनला अजून मांडायचा आहे.