कागद आधी कुणाच्या टेबलावर?

नमस्कार श्रोतेहो. सरकारी कचेरीत काम अडलं की आपण पटकन म्हणून जातो, ही माणसं कामच करत नाहीत. पण बहुतेक वेळा दुखणं वेगळंच असतं. कागद आधी कुणाच्या टेबलावर पडतो आणि पुढे किती हातांतून फिरतो, खरी गोम तिथे असते. याचा मुंबईतला दाखला 2020 च्या कोरोना साथीतला आहे, आणि तो सविस्तरच सांगायला हवा.

ते एप्रिल-मे महिने आठवा. पालिकेचा मदतीचा नंबर एकच, 1916. दहिसर असो की कुलाबा, ज्याला रुग्णालयात खाट हवी तो हाच नंबर फिरवणार. तिकडे खासगी प्रयोगशाळा कोरोना चाचणीचा अहवाल थेट रुग्णाच्या मोबाइलवर पाठवायच्या. रात्री अकरा वाजता ‘पॉझिटिव्ह’ हा शब्द वाचला की अख्खं घर हादरायचं. ज्याला साधा खोकलाही नाही तो ओळखीपाळखीनं खाट धरून ठेवायचा, आणि धाप लागलेली एखादी आजी फोन कधी लागतो याची वाट बघत बसायची. खाटा अपुऱ्या होत्याच. पण होत्या त्याही गरजेप्रमाणे वाटल्या जात नव्हत्या. ज्याचा फोन आधी लागला, त्याला खाट.

जून 2020 मध्ये दोन गोष्टी बदलल्या. एक म्हणजे अहवाल आधी पालिकेकडे येऊ लागला. दुसरी, पालिकेच्या 24 वॉर्डांत 24 वॉर रूम, म्हणजे नियंत्रण कक्ष, उघडले, प्रत्येकाचा नंबर वेगळा. रुग्णापासून त्याचा अहवाल लपवता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं त्याच महिन्यात बजावलं, आणि ते योग्यच होतं. रुग्णाचा कागद रुग्णाला मिळालाच पाहिजे. पण बाधितांची यादी पालिकेच्या हातात आधी पडू लागली आणि सगळा क्रमच उलटा झाला. आता रुग्ण फोन करत नव्हता, रुग्णाला फोन येत होता.

पत्त्याप्रमाणे यादी फोडायची आणि ज्या त्या वॉर्डाला धाडायची. तिथला डॉक्टर फोनवर विचारायचा: वय किती? साखर, रक्तदाब आहे का? श्वास कसा चाललाय? घरात वेगळी खोली, वेगळं शौचालय आहे का? हा शेवटचा प्रश्न चाळीत राहणाऱ्यांना लगेच कळेल. दहा बिऱ्हाडांत एक संडास असेल तर घरी राहून उपचार कसे होणार? उत्तरं ऐकून तिथल्या तिथे ठरायचं: घरीच, पालिकेच्या कोरोना केंद्रात की रुग्णालयात. मग रुग्णवाहिकाही तिथूनच निघायची.

अडचणी आल्या. मोठी अडचण पत्त्यांची होती. चाचणीच्या अर्जावर कुणी अर्धवट पत्ता लिहिलेला, कुणाचा मोबाइलचा आकडा चुकलेला. जूनमध्ये तर काही बाधितांचा ठावठिकाणाच लागेना. नाव आहे, अहवाल आहे, माणूस सापडत नाही. अर्जातली एक ओळ नीट भरून घेतली नाही, तर पुढची सगळी यंत्रणा ठप्प होते.

(इथे एक बोलतोच. आपला वॉर्ड कोणता हे कितीजणांना ठाऊक असतं? जी उत्तर की जी दक्षिण, के पूर्व की के पश्चिम? प्रत्येक वीजबिलावर वॉर्डाचं नाव ठळक छापायला हवं, असं मला फार वाटतं. असो.)

एप्रिल 2021 मध्ये मुंबईतल्या सहा रुग्णालयांतला ऑक्सिजन संपत आला आणि 168 रुग्ण एका रात्रीत हलवले गेले. कुठे खाट रिकामी आहे आणि कोण निर्णय घेणार, हे आधीच ठरलेलं असेल तरच असं जमतं. पुढच्याच महिन्यात दिल्लीच्या ऑक्सिजनवरच्या सुनावणीत सर्वोच्च न्यायालयानं मुंबईचा अनुभव बघा, असं सांगितलं.

आता आपल्या रोजच्या कामाकडे येऊ. हात कमी, वेळ ठरलेली, हेच तत्त्व आपल्या कायद्यातही आहे. महाराष्ट्रातल्या सरकारी कर्मचाऱ्यांसाठीचा 2005 चा बदल्या आणि दिरंगाईचा कायदा म्हणतो, फाईल एका टेबलावर कामाच्या सात दिवसांपेक्षा जास्त थांबू नये. एकाच विभागाचं काम असेल तर 45 दिवसांत निर्णय, दुसऱ्या विभागाला विचारायचं असेल तर तीन महिन्यांत. आणि निर्णयापर्यंत टप्पे तीनपेक्षा जास्त नकोत. तीनच टप्पे, श्रोतेहो. फाईलमधल्या टिप्पणीवर सात-आठ सह्या दिसल्या तर त्यांतल्या निम्म्या कशासाठी, हा प्रश्न विचारायलाच हवा.

दाखला, परवाना, उतारा यांसाठी महाराष्ट्राचा 2015 चा लोकसेवा हक्क कायदा आहे. अधिसूचित, म्हणजे सरकारनं या कायद्याखाली जाहीर केलेल्या, सेवेला मुदत ठरलेली असते. पदनिर्देशित अधिकारी, म्हणजे ती सेवा द्यायची जबाबदारी ज्याच्यावर आहे तो, कोण, अपील कुणाकडे, हे कचेरीबाहेर फलकावर लिहिलेलं असलं पाहिजे. अर्ज दिला की पोच घ्या. पोचेवर अर्जाचा क्रमांक, तारीख आणि मुदत हवी. नुसत्या गोल शिक्क्यावर समाधान मानू नका.

गळती कुठे होते तेही सांगतो. अर्ज सगळ्या कागदांसह पूर्ण झाला की मुदत मोजायला सुरुवात होते. म्हणून चौदाव्या दिवशी एक त्रुटी निघते, ती भरली की दुसरी निघते, आणि दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजले जातात. यावर उपाय एकच. सगळ्या त्रुटी एकदम आणि लेखी मागा. एकदम आणि लेखी. पत्र तुमच्या रोजच्या मराठीत लिहा. ‘सदरहू’, ‘उपरोक्त’ न घालताही अर्ज भरभक्कम होतो, उलट टेबलावरचा माणूस तो लवकर वाचतो.

मुदत टळली किंवा अर्ज फेटाळला तर 30 दिवसांत पहिलं अपील करा. फेटाळल्याची कारणं लेखी मिळाली पाहिजेत. पहिल्या अपिलात न्याय नाही मिळाला तर दुसरं, आणि त्यानंतर राज्य सेवा हक्क आयोग. विनाकारण दिरंगाई ठरली तर अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपयांपर्यंत शास्ती, म्हणजे दंड, होते. अपिलाला पोचेची प्रत जोडा. अर्ज ‘आपले सरकार’ या राज्य सरकारच्या ऑनलाइन पोर्टलवर केला असेल तर त्याचा क्रमांक अपिलाच्या पहिल्याच ओळीत लिहा.