लांबचं स्वस्त, जवळचं महाग

नमस्कार श्रोतेहो.

आजच्या भाषणाचा विषय जरा भारदस्त आहे. 'अमेरिकेतील रेल्वे, राज्याराज्यांमधला व्यापार आणि केंद्र सरकारचं नियंत्रण'. नुसतं नाव ऐकूनच रेडिओचा कान पिळावासा वाटला असेल. पिळू नका. मी आज खरं म्हणजे मालगाडीच्या दोन डब्यांची गोष्ट सांगायला आलोय. वाणिज्य शाखेला शिकवत होतो तेव्हा ही गोष्ट मी दरवर्षी सांगायचो, आणि मागच्या बाकांवरची मुलं दरवर्षी घड्याळाकडे बघायची. तुमचं घड्याळ मला दिसत नाही, हा रेडिओचा फार मोठा फायदा.

पण डबे जोडण्याआधी इंजिन हवं, म्हणून थोडी पार्श्वभूमी.

जकात नाका आठवतो ना? शहराच्या वेशीवर ट्रकांची रांग, शेजारी चहाची टपरी, आणि पावतीपुस्तक घेऊन बसलेला कारकून. इंग्रजांचं राज्य झुगारल्यानंतर, १७८० च्या दशकात, अमेरिकेतल्या राज्यांनी एकमेकांशी असंच काहीसं चालवलं होतं. न्यू यॉर्ककडे बंदर, मग न्यू जर्सी आणि कनेक्टिकट या शेजाऱ्यांच्या मालावर न्यू यॉर्कचा कर. शेजारी चिडायचे, मग तेही काहीतरी लावायचे. म्हणून १७८७ साली फिलाडेल्फियात राज्यघटना लिहिली तेव्हा तीत एक छोटं कलम घातलं: परदेशांशी होणाऱ्या आणि राज्याराज्यांमध्ये चालणाऱ्या व्यापाराचं नियमन काँग्रेसने करावं. काँग्रेस म्हणजे तिथली संसद हो, आपल्याकडचा पक्ष नव्हे.

कलम लिहिलं आणि पुढची शंभर वर्षं काँग्रेसने ते जवळजवळ फडताळात ठेवून दिलं. न्यायालयाने मात्र एकदा बाहेर काढलं. १८२४ साली. न्यू यॉर्क राज्याने आपल्या पाण्यात आगबोटी चालवायचा मक्ता मोजक्या लोकांना दिला होता. न्यू जर्सीहून बोट आणणाऱ्या गिबन्स नावाच्या माणसाने त्याविरुद्ध दाद मागितली, आणि सरन्यायाधीश जॉन मार्शल यांनी मक्ता मोडला. एका राज्यातून दुसऱ्यात जाणारी बोट हा केंद्राचा विषय, राज्याने मधे यायचं नाही.

मग आली रेल्वे. यादवी युद्ध संपल्यावर रूळ भराभर पसरले आणि मधल्या सपाट प्रदेशातला शेतकरी पहिल्यांदाच दूरच्या बाजाराशी जोडला गेला. जोडला गेला म्हणजे बांधलाही गेला. गावात एकच लाइन, धान्याची एकच कोठी, आणि भाडं कंपनी सांगेल ते. शेतकऱ्यांची 'ग्रेंज' नावाची संघटना १८६७ साली निघाली होती. तिच्या रेट्याने इलिनॉय, आयोवा, मिनेसोटा, विस्कॉन्सिन या राज्यांनी भाड्यावर कायदे केले. १८७७ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, ठीक आहे, ज्या धंद्याशी सगळ्यांचं हित बांधलेलं आहे त्याचे दर राज्य ठरवू शकतं. खटला शिकागोच्या धान्यकोठ्यांचा होता. शेतकरी खूश.

झालं, इंजिन लागलं. आता डबे.

दोन गावं लक्षात ठेवा. पिओरिया आणि गिलमन. पुन्हा सांगतो, रेडिओवर मागचं पान उलटता येत नाही. पिओरिया आणि गिलमन. दोन्ही इलिनॉय राज्यात, दोन्ही वॅबॅश रेल्वेच्या मार्गावर. माल जायचाय पूर्वेला, न्यू यॉर्क शहराला. पिओरिया लांब. गिलमन जवळ. किती जवळ? ८६ मैलांनी, म्हणजे १३८ किलोमीटर. पिओरियाहून निघालेला डबा गिलमनवरूनच पुढे जाणार.

आता पिओरियात एल्डर आणि मॅकिनी नावाचे दोन व्यापारी. त्यांनी एक डबा भरला. वजन २६,००० पौंड, आपल्या हिशेबात सुमारे ११८ क्विंटल. त्याच सुमारास गिलमनला बेली आणि स्वॅनेल या दोघांनीही एक डबा भरला. वजन तेवढंच, २६,००० पौंड. मालाचा वर्ग तोच, कंपनी तीच, जायचं गाव तेच.

डब्यात काय होतं? निकालपत्रात नुसता 'माल' असा कोरडा शब्द आहे. पण इलिनॉय म्हणजे मक्याचा मुलूख, म्हणून मी आपला मनातल्या मनात दोन्ही डब्यांत मकाच भरतो. मक्यावरून आठवलं, हल्ली जे कपात घालून चमच्याने खायला देतात ना, ते पचपचीत गोड दाणे, लोणी वगैरे टाकून, त्याला मी कणीस म्हणायला तयार नाही. कणीस म्हणजे पावसात, कोळशावर, काळे डाग पडेपर्यंत भाजलेलं, आणि वरून लिंबाच्या फोडीने तिखटमीठ चोळलेलं. खाताना दातात अडकलं पाहिजे. असो.

तर पिओरियाच्या डब्याचं भाडं. शंभर पौंडांना १५ सेंट, म्हणजे डब्याचे झाले ३९ डॉलर. आणि गिलमनचा डबा? जो ८६ मैल कमी जाणार आहे? कमी पडलं असेल असं तुम्हाला वाटतंय ना? शंभर पौंडांना २५ सेंट. डब्याचे ६५ डॉलर.

पुन्हा एकदा. लांबच्याला ३९, जवळच्याला ६५. लांबचं स्वस्त, जवळचं महाग.

मनमाडहून आणि नाशिकहून एकाच गाडीने, एकाच वजनाचा माल मुंबईला निघालाय, आणि नाशिकवाल्याकडून मनमाडवाल्याच्या दीडपटीहून जास्त भाडं घेतलंय, अशी कल्पना करा. नाशिकवाला काय बोलेल ते आकाशवाणीवर सांगता येणार नाही.

वर्गात मी इथे थांबायचो आणि विचारायचो, का बरं असं? एक तरी मुलगा म्हणायचा, "सर, बुकिंग क्लार्कची चूक असेल." चूक नव्हती. ते धोरण होतं, आणि सगळ्याच कंपन्यांचं होतं. पिओरिया हे नदीकाठचं मोठं गाव. तिथे माल उचलायला एकापेक्षा जास्त रेल्वे टपलेल्या. शिवाय इलिनॉय नदी. रेल्वे परवडत नसेल तर बोटीत घाला. तिथे भाडं चढवलं की गिऱ्हाईक गेलं दुसरीकडे. म्हणून मोठ्या गावात भाडं पाडायचं, आणि त्यात जे सुटलं ते वाटेवरच्या लहान स्टेशनांकडून काढायचं. लहान स्टेशन जाणार कुठे?

कंपनीची बाजूही सांगतो, अगदीच एकतर्फी नको. रूळ टाकून झाले, इंजिन घेऊन झालं, माणसं नेमून झाली. हा खर्च गाडी भरली तरी तोच आणि रिकामी धावली तरी तोच. मग मोठ्या गावचा माल कमी भाड्यात मिळाला तरी कंपनी म्हणणार, रिकाम्या डब्यापेक्षा बरा. हिशेब बरोबर आहे. तुम्ही गिलमनला राहत नसाल तर.

इलिनॉयने नेमकं हेच बंद करणारा कायदा केला होता. जवळच्या पल्ल्याला लांबच्या पल्ल्याहून जास्त भाडं घेणं हा गुन्हा. त्या कायद्याखाली राज्याने वॅबॅशला कोर्टात खेचलं. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात राज्य जिंकलं. कंपनी वॉशिंग्टनला गेली. आणि २५ ऑक्टोबर १८८६ रोजी तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने, न्यायमूर्ती सॅम्युएल मिलर यांच्या लेखणीतून, निकाल दिला. कंपनी जिंकली.

कंपनीने केलं ते योग्य, असं न्यायालय म्हणालं नाही. ते म्हणालं, डबा इलिनॉयमधून निघून न्यू यॉर्कला जातोय, वाटेत अनेक राज्यं लागतात. प्रत्येक राज्य आपापल्या तुकड्यापुरता नियम करायला लागलं तर व्यापार चालायचा कसा? हा राज्याराज्यांमधला व्यापार, तेव्हा त्यावर नियम करणार केंद्र. इलिनॉयने फक्त इलिनॉयमध्येच सुरू होऊन इलिनॉयमध्येच संपणाऱ्या प्रवासापुरतं बोलावं. तिघा न्यायाधीशांना हे पटलं नाही, पण सहांपुढे तीन.

गंमत बघा. राज्याने करायचं नाही, कारण ते केंद्राचं काम. आणि केंद्राने? केंद्राचा तर कायदाच नव्हता. दोन घरचा पाहुणा उपाशी.

पण इथे एक माणूस तयार होता. शेल्बी कलम. हो, आडनावच कलम, आपल्या दृष्टीने कायद्यासाठीच जन्माला आलेला. इलिनॉयचाच, तिथला माजी गव्हर्नर, आता सिनेटर. त्याच्या समितीने गावोगाव साक्षी घेऊन १८८६ च्या सुरुवातीलाच अहवाल दिला होता. निकाल लागला आणि रखडलेलं गाडं हललं. साडेतीन महिन्यांच्या आत, ४ फेब्रुवारी १८८७ रोजी, अध्यक्ष ग्रोव्हर क्लीव्हलँड यांनी आंतरराज्य व्यापार कायद्यावर सही केली. दर वाजवी असावेत. दर छापून जाहीर करावेत. लाडक्या गिऱ्हाइकाला मागच्या दाराने सूट नको. आणि जवळचं लांबच्याहून महाग नको. यावर देखरेखीसाठी पाच सदस्यांचा आयोग, त्याचे पहिले अध्यक्ष मिशिगनचे न्यायाधीश टॉमस कूली.

म्हणजे गिलमनचा प्रश्न सुटला? छे. कायद्यात एक शेपूट होतं. जवळचं महाग नको, पण केव्हा? 'परिस्थिती बऱ्याच अंशी सारखी असेल तेव्हा'. हे शेपूट वकिलांनी बरोबर पकडलं. अलाबामा राज्यात ट्रॉय नावाचं गाव आहे. पूर्वेकडून येणारा माल ट्रॉयवरून पुढे ५२ मैलांवर माँटगोमेरीला जाई, आणि तरी ट्रॉयला भाडं जास्त. आयोगाने हुकूम काढला, हे बंद करा. १८९७ साली सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. का? माँटगोमेरीला नदी आहे, स्पर्धा आहे, म्हणजे परिस्थिती सारखी नाही! अहो, पण स्पर्धा आहे म्हणूनच तर भाड्यात फरक होता. रोग हाच औषधाला नकार द्यायचं कारण झाला. न्यायमूर्ती हार्लन यांनी वेगळं मत लिहिलं: आता हा आयोग व्यवहारात निरुपयोगी झाला आहे. मला हा माणूस आवडतो.

रेल्वेवाल्यांना आयोगाची भीती अशी कधी फारशी नव्हतीच. रिचर्ड ऑल्नी नावाच्या त्यांच्या एका वकिलाने १८९२ सालीच एका रेल्वे अध्यक्षाला पत्राने कळवलं होतं, आयोग मोडायला जाऊ नका, त्याने लोकांचं समाधान होतं आणि देखरेख बहुतेक नावापुरतीच असते. पुढच्या वर्षी हाच ऑल्नी देशाचा महान्यायवादी झाला.

पुढचं भराभर सांगतो, वेळ संपत आलीय. थिओडोर रूझवेल्ट अध्यक्ष असताना, १९०६ च्या कायद्याने आयोगाला कमाल दर ठरवायचा अधिकार मिळाला. पुढाऱ्यांना वाटले जाणारे फुकट पास त्याच कायद्याने आवळले; आपल्याकडच्या पासांबद्दल मी बोलत नाही, पुढच्या वेळी बोलावणं यावं अशी इच्छा आहे. १९१० साली ते शेपूट अखेर कापलं. आणि १९१४ साली काटा उलटा फिरला. टेक्ससने आपल्या व्यापाऱ्यांसाठी राज्यातल्या राज्यात भाडं पाडून ठेवलं होतं. डॅलसहून मार्शल गावाला, जवळजवळ १४८ मैल, गाडे पाठवायला शंभर पौंडांना ३६.८ सेंट. शेजारच्या लुइझियानातल्या श्रीव्हपोर्टहून त्याच मार्शलला, अवघे ४२ मैल, ५६ सेंट. पुन्हा तेच, लांबचं स्वस्त, जवळचं महाग! न्यायमूर्ती ह्यूज यांनी म्हटलं, राज्यातल्या भाड्याने राज्याबाहेरच्या व्यापाराचा गळा आवळला जात असेल तर आयोगाला त्या भाड्यातही हात घालता येईल. १८८६ साली राज्याला बाहेर काढलं होतं, १९१४ साली केंद्र राज्याच्या स्वयंपाकघरात शिरलं.

आणि मग ते इतकं शिरलं की भांडी कुठे ठेवायची तेही सांगू लागलं. माझं स्पष्ट मत आहे, आयोगाने नंतर अति केलं. १९३५ पासून ट्रकही त्याच्या ताब्यात. सदस्य पाचाचे अकरापर्यंत गेले. भाडं वाढवायचं तर परवानगी, कमी करायचं तरी सुनावणी, तोट्यातली लाइन बंद करायची तर अर्ज. तिकडे महामार्ग झाले, माल ट्रकांवर गेला, आणि १९७० साली पेन सेंट्रल ही बलाढ्य रेल्वे दिवाळखोरीत निघाली. १९८० साली अध्यक्ष जिमी कार्टर यांनी स्टॅगर्स कायद्यावर सही केली आणि बरेचसे दर मोकळे झाले. १९९५ च्या अखेरीस आयोगच बंद झाला.

आता गिलमनसारख्यांनी कुठे जायचं? आजही अमेरिकेत असे कारखाने, अशा धान्यकोठ्या आहेत ज्यांच्या दाराशी एकच रेल्वे येते. त्यांना तिथे 'कॅप्टिव्ह शिपर' म्हणतात, म्हणजे अडकलेलं गिऱ्हाईक. दुसरा सोयीचा पर्याय नाही, आणि भाडं त्या वाहतुकीच्या बदलत्या खर्चाच्या १८० टक्क्यांवर गेलंय, एवढं दाखवता आलं तर मग भाडं वाजवी आहे का, ते तपासा, अशी मागणी करता येते. ती ऐकायला १९९६ पासून एक मंडळ आहे, वॉशिंग्टनमध्ये. सुरुवातीला त्याचे तीन सदस्य होते. २०१५ साली काँग्रेसने ती संख्या वाढवली.

आता कायद्याने जागा आहेत पाच. १८८७ साली होते तेवढेच.

नमस्कार.