हात लावण्याआधीची तपासणी

[दृश्य: सकाळचा गोठा. पशुवैद्यक दाराशी उभे.]

डॉक्टर आले, पण गाईजवळ गेले नाहीत. थर्मामीटर अजून पेटीतच आहे. मालकाला वाटतं, वेळ काढतायत. खरं तर तपासणी सुरू झाली आहे.

अनोळखी माणूस जवळ आला की गाय सावध होते, आणि जे बघायचं तेच झाकलं जातं. मुळात ती शिकार होणारं जनावर. कळपात दुबळं दिसेल त्याच्यावर आधी झडप पडायची, म्हणून दुखणं लपवणं तिच्या रक्तातच आहे.

तरी सगळं लपत नाही.

[दृश्य: गाय, बाजूने.]

पाठ वर उचललेली. पुढच्या पायांची कोपरं छातीपासून बाहेर. बसताना कण्हते, उताराला अडते. निरोगी गाय दिवसाचे सात-आठ तास रवंथ करते. हिचा रवंथ बंद आहे. कधीपासून? प्रश्न मालकाला असतो, उत्तर बहुतेकदा धार काढणाऱ्या बाईकडे. ‘काल सकाळपासनं. दूधही निम्म्यावर आलंय.’

डॉक्टरांना संशय येतो तो पोटातल्या तारेचा.

गाय जिभेनं वैरण ओढते आणि अर्धवट चावून गिळते. बारीक चावण्याचं काम रवंथावर सोडलेलं. त्यामुळे कुट्टीत आलेला तारेचा तुकडा किंवा खिळा सरळ पोटात जातो. शेळी ओठांनी निवडून खाते, तिला हा त्रास क्वचितच. लोखंड जाळीपोटात, म्हणजे पोटाच्या पुढच्या कप्प्यात, साचतं. हा कप्पा सतत आकसतो आणि तार पुढे रेटली जाते. पुढे पातळ पडदा, आणि पडद्यापलीकडे हृदय. उतारावर पोटाचा भार पुढे सरकतो, तार टोचते. अडण्याचं कारण हे.

[दृश्य: खांद्यामागे चिमटा.]

आता हात लागतो. पाठीवर चिमटा घेतला की निरोगी गाय पाठ खाली दबवते. ही दबवत नाही. स्टेथोस्कोप श्वासनळीवर ठेवलाय. बाहेर ऐकू न येणारं कण्हणं तिथं सापडतं.

वेळेत कळलं तर चुंबक गिळवतात, प्रतिजैविकं देतात, पुढचे पाय उंचावर ठेवून बांधतात. नाहीच भागलं तर पोट उघडून तार काढावी लागते. मानेची शीर फुगली, गळ्याखालच्या पोळीला, म्हणजे लोंबत्या कातडीला, सूज उतरली, तर तार हृदयापर्यंत पोचलेली असते. मग फारसं काही हाती राहत नाही.

काही ठिकाणी कालवड वर्षाची झाली की आधीच चुंबक गिळवून ठेवतात. ते जन्मभर जाळीपोटात राहतं.