प्रिन्सेस डॉकखालचं खैराचं रान

पार्ल्यात जुलैमधल्या एका रविवारी झालेल्या व्याख्यानाचं हे शब्दांकन. बोलताना जसं आलं तसंच बरंचसं ठेवलंय, फक्त दोनदा-दोनदा आलेलं काढून टाकलंय.

नमस्कार मंडळी. सकाळपासून पाऊस लागून राहिलाय, गाड्या लेट आहेत, तरी हॉल भरलाय, त्याबद्दल आधी मनापासून थँक्यू. विषय मोठा आहे, लाखो वर्षांपूर्वीचं हवामान आणि पुढच्या शंभर वर्षांचं मॉडेल, पण सुरुवात मी मुंबईतूनच करणार आहे.

आपला प्रिन्सेस डॉक १८८० मध्ये सुरू झाला. त्याआधी त्याचं खोदकाम चालू होतं तेव्हा चिखलाखाली झाडं सापडली, आणि एखाददुसरा ओंडका नव्हे, शेकडो झाडं, त्यातली कितीतरी उभीच्या उभी, मुळं खालच्या मातीत घट्ट रुतलेली. लाकूड निघालं खैराचं. खैर म्हणजे ज्याच्यापासून आपल्या पानाचा कात होतो तो, कोरड्या डोंगरउतारावर वाढणारा, खाऱ्या पाण्यात खैर जगत नाही. म्हणजे जिथं नंतर बोटी लागल्या तिथं कधीकाळी रान होतं, त्या रानात पाखरं होती, आणि मग समुद्र आला आणि गाळानं सगळं झाकून टाकलं. त्या काळच्या भूशास्त्रज्ञांनी जमीन खचली असं मानलं. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा कॉलेजात होतो आणि खरं सांगतो, रात्री झोप आली नाही, कारण त्याच डॉकच्या बाजूनं मी रोज बसनं जायचो.

आता मुंबईहून बोटीनं पश्चिमेला निघा. साधारण १६० किलोमीटरवर बॉम्बे हाय लागतं, तेलाचं क्षेत्र, तिथं पाण्याची खोली आहे ७५ मीटरच्या आसपास. आणि २१ हजार वर्षांपूर्वी, शेवटचं हिमयुग अगदी भरात होतं तेव्हा, जगभरातला समुद्र आजच्यापेक्षा १२० मीटरहून जास्त खाली होता, कारण तेवढं पाणी कॅनडावर आणि उत्तर युरोपवर बर्फ होऊन बसलं होतं. करा हिशोब. आज जिथं तेलविहिरीचे प्लॅटफॉर्म उभे आहेत तिथपर्यंत माणूस चालत गेला असता. पृथ्वीचं सरासरी तापमान तेव्हा किती कमी होतं, तर पाच-सहा अंश. एवढंच. पाच-सहा अंशात किनारा दीडशे किलोमीटरनं सरकतो, म्हणून कोणी दीड-दोन अंशांचं काय घेऊन बसलात म्हटलं की मला गप्प बसवत नाही.

हे कळतं कसं, हा प्रश्न दरवेळी येतो आणि यायलाच पाहिजे, कारण त्या वेळी थर्मामीटर घेऊन कोणी उभं नव्हतं. खोल समुद्राच्या तळाशी गाळ साचतो, हजार वर्षांत काही सेंटीमीटर, त्यात लांब पोकळ पाइप घुसवून नमुना काढतात, त्याला कोअर म्हणतात. तो गाळ बारीक चाळणीत धुतला की वाळूच्या कणाएवढे शिंपले उरतात, फोरामिनिफेरा नावाच्या एकपेशीय जीवांचे. मायक्रोस्कोपखाली ते राजगिऱ्याच्या फुललेल्या लाह्यांसारखे दिसतात, एकावर एक फुगे चिकटलेले, इतके देखणे की पहिल्या दिवशी मी काम सोडून नुसता बघत बसलो होतो. त्या शिंपल्यात ऑक्सिजन असतो, आणि ऑक्सिजन एक हलका असतो एक जड. समुद्राची वाफ होते तेव्हा हलका ऑक्सिजन असलेलं पाणी जास्त सहज उडतं, तेच पुढं बर्फ होऊन जमिनीवर अडकून पडलं की मागं समुद्रात जड ऑक्सिजनचं प्रमाण वाढतं, आणि शिंपला त्याच पाण्यातून बनतो. पाणी किती थंड होतं त्याचाही ठसा त्यातच मिसळलेला असतो, तो वेगळा काढायला दुसरे पुरावे लागतात. शिंपल्यातल्या ऑक्सिजनवरून जुनं तापमान काढायची कल्पना हॅरल्ड युरी यांनी १९४७ मध्ये मांडली आणि १९५५ मध्ये चेझारे एमिलियानी यांनी समुद्रातल्या कोअरवर ती वापरून हिमयुगं एकामागून एक येऊन गेल्याचं दाखवलं.

अंटार्क्टिकाच्या बर्फाचं तर विचारूच नका. बर्फात हवेचे बुडबुडे अडकलेत, चक्क त्या काळची हवा, आठ लाख वर्षांपर्यंत मागं जाता येतं. त्यात कार्बन डायऑक्साइड हिमयुगात दहा लाखात १८० भाग आणि उबदार काळात २८०, फार तर ३०० भाग, असा वरखाली होत राहतो. आज तो ४२० च्या वर आहे.

पण बर्फ तिकडं, आपल्याला काळजी पावसाची. मान्सूनचा इतिहास कुठं लिहिलाय? गुहांमध्ये लिहिलाय. चुनखडीच्या गुहेत छतातून थेंब थेंब पाणी ठिबकतं आणि खाली खांब वाढत जातो, थरावर थर. जोरदार पावसाच्या पाण्यात हलका ऑक्सिजन जास्त असतो, तो त्या थरात येतो, आणि थराचं वय त्यातल्या युरेनियमचं किती थोरियम झालं त्यावरून काढता येतं. मेघालयातल्या मॉम्लुह गुहेतल्या अशाच एका खांबावरून ४,२०० वर्षांपूर्वीचा कोरडा काळ इतका स्पष्ट दिसला की २०१८ मध्ये तिथपासून आजपर्यंतच्या भूशास्त्रीय कालखंडाला मेघालयन असं अधिकृत नाव मिळालं. छत्तीसगडमधल्या दंडक गुहेत चौदाव्या शतकात पाऊस वारंवार फसलेला दिसतो, आणि आपल्याकडं त्या शतकाच्या शेवटी सुरू झालेला दुर्गादेवीचा दुष्काळ लोकांच्या आठवणीत राहिला, गावंच्या गावं उठली. आजीकडून ऐकलेला दुष्काळ आणि गुहेतला चुना एकच गोष्ट सांगतायत, याचं मला अजूनही भारी वाटतं.

लोणार तर आपलं घरचं. उल्का पडून झालेलं तळं, बाहेर जायला वाट नाही, म्हणून जे पडतं ते तिथंच साचतं. त्याच्या तळातून काढलेला दहा मीटरचा गाळ म्हणजे जवळपास ११ हजार वर्षांची वही आहे. त्यात एका ठिकाणी गेलुसाइट नावाचं खनिज सापडतं, ते पाणी आटून आटून खूप खारट झालं तरच तयार होतं, आणि त्यावरून साधारण ४,६०० ते ३,९०० वर्षांपूर्वी इथं पाऊस दीर्घकाळ कमी होता असं निघतं. सिंधू संस्कृतीची शहरं ओस पडू लागली ती याच सुमाराला. एकट्या दुष्काळानं ती ओस पडली असं मी म्हणणार नाही, माणसं एका कारणानं गाव सोडत नाहीत.

शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे, डेक्कन कॉलेजनं १९६८ ते १९८३ तिथं उत्खनन केलं. तिथली आधीची घरं मोठी, चौकोनी, लोक बार्ली पिकवतायत, नदीचं पाणी वळवायला पाट आणि बांध काढलाय. शेवटच्या काळात तीच वस्ती छोट्या गोल झोपड्यांवर आलेली दिसते, शेती कमी, शिकार जास्त, आणि इसवीसनपूर्व ७०० च्या सुमाराला सगळं रिकामं. पुरातत्त्वज्ञ ढवळीकर सरांनी याचं कारण कोरडं होत गेलेलं हवामान हे मांडलं. त्यावर वाद आहे, असू दे, पण चौकोनी घरातून गोल झोपडीत जाणारं ते कुटुंब माझ्या डोळ्यांसमोरून जात नाही.

आता मॉडेलकडं येतो. मॉडेल म्हणजे काय तर पृथ्वीवर चौकटी आखायच्या, वर हवेत आणि खाली समुद्रातसुद्धा, आणि प्रत्येक चौकटीत वारा, उष्णता, बाष्प यांची भौतिकशास्त्राची गणितं कॉम्प्युटरनं सोडवत पुढं जायचं. स्युकुरो मानाबे आणि वेदराल्ड यांनी १९६७ मध्ये हवेचा नुसता एक उभा स्तंभ घेऊन हिशोब केला, कार्बन डायऑक्साइड दुप्पट झाला तर तापमान दोन अंशांहून थोडं जास्त वाढेल असं आलं, आणि मानाबेंना २०२१ मध्ये नोबेल मिळालं. आपल्याकडं पुण्याच्या उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेनं स्वतःचं पृथ्वी प्रणाली मॉडेल बनवलंय, त्याचे निकाल जगातल्या इतर मॉडेल्सबरोबर ठेवले जातात, आणि यात मराठी मुलंमुली काम करतायत याचा मला अभिमान आहे.

अडचण चौकटीच्या आकाराची आहे. चौकट शंभर किलोमीटरची असेल तर मुंबई, अलिबाग, कर्जत, लोणावळा सगळं एकाच डब्यात, आणि सह्याद्रीचा कडा सपाट होऊन एक उतार उरतो. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस आणि तिथून जेमतेम ऐंशी किलोमीटरवरच्या फलटणला पाचशेच्या आसपास, हे त्या डब्यात कसं बसणार? २६ जुलै २००५ घ्या, आपल्यातले बरेच जण त्या रात्री कमरेएवढ्या पाण्यातून चालत घरी आलेत, सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर आणि कुलाब्याला त्याच २४ तासांत ७३, मध्ये अंतर पंचवीसेक किलोमीटर. ढग चौकटीपेक्षा लहान असतो, म्हणून त्याचं गणित थेट सोडवता येत नाही, अंदाजाचं एक सूत्र बसवावं लागतं, आणि मॉडेल्स एकमेकांपासून वेगळी पडतात ती मुख्यतः इथंच.

मग कुठल्या मॉडेलवर विश्वास ठेवायचा? गेल्या शंभर-दीडशे वर्षांचं हवामान बरोबर दाखवतं म्हणून पास करावं, तर बनवणाऱ्यांना ते हवामान आधीच माहीत असतं, म्हणजे पेपर फुटलेला आहे. इथं जुनं हवामान कामाला येतं. मॉडेलला सांगायचं, २१ हजार वर्षांपूर्वीचा बर्फ घे, तेव्हाचा कार्बन डायऑक्साइड घे, आणि दाखव किती थंडी होती ते. गेल्या काही वर्षांत काही नव्या मॉडेल्सनी भविष्यातली तापमानवाढ फारच जास्त दाखवली होती, त्यातल्या एकाला हिमयुग करायला दिलं तर त्यानं पुराव्यापेक्षा कितीतरी जास्त गारठा दाखवला, म्हणजे ते मॉडेल गरजेपेक्षा हळवं होतं. शिंपल्यांनी त्याला पकडलं.

मान्सूनचीही अशी परीक्षा झालीय. आज पृथ्वी सूर्याच्या सगळ्यात जवळ जानेवारीत असते, ९ हजार वर्षांपूर्वी ती जुलैत असायची, त्यामुळं उत्तर गोलार्धाला जुलैत आजच्यापेक्षा सुमारे सात टक्के जास्त ऊन मिळायचं. जॉन कुट्झबाख यांनी १९८१ मध्ये हे मॉडेलात घालून बघितलं, जमीन जास्त तापली आणि मान्सून जोरदार झाला, आणि अरबी समुद्रातला गाळ आणि आफ्रिकेतल्या आटलेल्या तळ्यांच्या खुणा नेमकं तेच सांगत होत्या. पण तेव्हा सहारा जेवढा हिरवा होता तेवढा हिरवा करणं मॉडेल्सना नीट जमलेलं नाही, पाऊस कमीच पडतो. म्हणजे भविष्यात मान्सून वाढेल असं मॉडेल सांगतं तेव्हा हा नापास झालेला पेपर माझ्या डोक्यात असतो. शिवाय तेव्हा ऊन जास्त होतं, आता कार्बन जास्त आहे, दोन्हींचा मार्ग वेगळा, त्यामुळं ९ हजार वर्षांपूर्वीचं चित्र उचलून २१०० वर चिकटवता येत नाही. एवढं मात्र पक्कं, की हवा एक अंशानं तापली की ती सुमारे सात टक्के जास्त बाष्प धरू शकते, त्यामुळं पडतो तेव्हा कोसळतो.

या सगळ्यासाठी नोंदी लागतात आणि आपल्या शहराकडं त्या आहेत. कुलाब्याची वेधशाळा १८२६ ची. मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर चुंबकीय मोजमापं बिघडतील म्हणून १९०४ मध्ये ती मोजमापं अलिबागला हलवली, म्हणजे नोंद खराब होऊ नये म्हणून खाडीपलीकडं नवीन वेधशाळा बांधणारी माणसं इथं होती. अपोलो बंदरावर समुद्राची पातळी १८७८ पासून मोजतायत, हिंदी महासागरातल्या सगळ्यात जुन्या नोंदींपैकी ती एक आहे.

आणि दुसरीकडं मी काय पाहिलंय ते सांगतो, नाव घेणार नाही. एका ठिकाणी ऑफिसची जागा बदलली तेव्हा गाळाच्या नमुन्यांच्या पेट्या, लेबल लावलेल्या, जागा अडवतात म्हणून टेम्पोत भरून फेकून दिल्या. मी पोचलो तेव्हा जिन्यात चिखल सांडलेला होता. काही हजार वर्षं त्या चिखलात होती. मला आजही ते आठवलं की पोटात कालवतं.

म्हणून इथं जे सिव्हिल इंजिनीअर असतील, बिल्डरकडं काम करणारे असतील, त्यांना हात जोडून सांगतो. पाया घालायच्या आधी सॉईल टेस्टिंगला तुम्ही बोअर घेता, वर भराव, मग खाडीचा काळा चिखल, मग मुरूम, मग काळा पत्थर. रिपोर्ट झाला की नमुने टाकून देता. त्या काळ्या चिखलात शिंपले, लाकूड, कांदळवनाचे परागकण असतात, समुद्र इथं कधी चढला ते त्यात लिहिलंय. माहीम, कुर्ला, शिवडी, भांडुप, जिथं कुठं लाकूड किंवा शिंपल्यांचा थर लागेल तिथं खोली लिहा, नमुना प्लास्टिकमध्ये घट्ट बांधा आणि जवळच्या कॉलेजच्या भूशास्त्र विभागात एक फोन करा. प्रिन्सेस डॉकच्या लोकांनी झाडं मोजली म्हणून आज मी त्यांच्याबद्दल बोलू शकतोय.

व्याख्यानानंतरच्या प्रश्नांमध्ये एका काकूंनी विचारलं, की त्यांचे सासरे रेवदंड्याला होते, रोज सकाळी साडेआठला पाऊस मोजून वहीत लिहायचे, चाळीसेक वर्षांच्या वह्या माळ्यावर आहेत, वाळवी लागायला लागलीय, त्यांचं काय करू?

काकू, आधी त्या माळ्यावरून खाली काढा. प्रत्येक पानाचा फोटो घ्या, कोरी पानंसुद्धा, कारण मध्ये महिनाभर नोंद नाही हीही माहिती असते. आणि सगळ्यात आधी मला हे सांगा, ते मोजायचं भांडं अंगणात नेमकं कुठं असायचं, माडाखाली की मोकळ्यावर? पागोळ्यांचं पाणी त्यात पडायचं का?

काकू म्हणाल्या, नाही हो, विहिरीच्या पलीकडं, मोकळ्यावर, आणि मांजर येतं म्हणून भोवती काट्या लावलेल्या असायच्या.

हे लिहून ठेवा काकू, पहिल्या वहीच्या पहिल्या पानावर, तारीख घालून, आज घरी गेल्यावर लगेच.